मानेचं मटण, मंद आच
डब्लिनमध्ये नोव्हेंबर लागला की साडेचारलाच अंधारायला लागतं आणि मी आयरिश स्ट्यूसाठी जाड बुडाचं पातेलं काढते. खाटकाकडून मानेचं मटण घ्यावं, हाडासकट. महागडे, कोवळे तुकडे इथे वाया जातात. मानेत कोलॅजन भरपूर असतं. मंद आचेवर दोन-अडीच तासांत त्याचं जिलेटिन होतं आणि रस्सा ओठांना चिकटतो. खळखळून उकळलंत तर तंतू आवळून कोरडे पडतात. अधूनमधून एखादाच बुडबुडा फुटावा, एवढीच आच हवी.

बटाटे मी दोनदा घालते. निम्मे सुरुवातीलाच, पातळ चकत्या करून. ते विरघळून रस्सा दाट करतात. उरलेले शेवटच्या पाऊण तासात, मोठ्या फोडी करून. बाकी कांदा, थाइम, मीठ, मिरी आणि पाणी. गाजर घालावं की नाही, यावर इथली माणसं हिरिरीने भांडतात. मी घालते, गोडवा येतो. गरम मसाला मात्र अजिबात नको. मटणाची चव झाकायची नाही. आदल्या दिवशी केलेला स्ट्यू जास्त मुरतो, वर गोठलेली चरबीही चमच्याने सहज निघते. कुकर लावू नका, बटाट्यांचा लगदा होतो. एखाद्या रविवारी सवड काढून करून पाहाच.