पडद्यावरचे बालहेर आणि माणिक चौकातली मुले

मोठ्यांना कळणार नाही असे एखादे गुपित आपल्यापाशी असावे, ही हौस कुठल्या पोराला नसते? भा. रा. भागवतांचा फास्टर फेणे मराठी मुलांनी डोक्यावर घेतला, तो बराचसा या हौसेपायी. अमेरिकेतल्या रॉबर्ट रॉड्रिग्ज या दिग्दर्शकाने हीच नस धरून २००१ साली ‘स्पाय किड्स’ हा बोलपट काढला आणि पुढच्याच वर्षी त्याचा दुसरा भाग आणला.

या दुसऱ्या भागात कार्मेन आणि जुनी ही हेरखात्यातली भावंडे एका गूढ बेटावर जातात. आता बेट म्हटले की चमत्कारिक प्राणी, सांगाडे, वेडगळ शास्त्रज्ञ हे आलेच, ते सोडा. गंमत वेगळीच आहे. बेटावर पाय ठेवताच त्यांची सगळी विजेची उपकरणे बंद पडतात. जुनीजवळ उरते एक साधे रबर, ज्याचे म्हणे नऊशे नव्याण्णव उपयोग! मग डोके चालवावे लागते आणि सारखी भांडणारी बहीणभावंडे एकमेकांना धरून राहतात. मला विचाराल तर चित्रपटातला हाच भाग सकस आहे. मागोमाग आईबाप येतात, आजीआजोबाही येतात. पोरे सुखरूप घरी परतणार, हे प्रेक्षकाला पहिल्यापासून ठाऊक असते.

पण खऱ्या जगात मुलांवर असली कामे कोणी सोपवते का? सोपवली गेली आहेत. १९३० साली अलाहाबादेत इंदिरा नेहरूंनी मुलांची वानरसेना उभी केली. मुलांकडे पोलिसांचे सहसा लक्ष जात नाही, म्हणून निरोप पोचवायला ती फार उपयोगी पडत. १९४२ च्या ऑगस्टमध्ये पुढारी तुरुंगात गेल्यावर मुंबईत गुप्त काँग्रेस रेडिओ सुरू झाला. त्यातल्या उषा मेहता तेव्हा अवघ्या बावीस वर्षांच्या. पत्ता लागू नये म्हणून यंत्र या घरातून त्या घरात हलवायचे. तरी नोव्हेंबरात पोलिसांनी ते पकडलेच.

आता आपल्या नंदुरबारकडे या. गाव त्या वेळी पश्चिम खानदेशात होते. स्वतंत्र जिल्हा झाला तो १ जुलै १९९८ रोजी. हेराची सारी कला कोणाच्या नजरेला न पडण्यात असते. ९ सप्टेंबर १९४२ रोजी इथली मुले निघाली ती मात्र सर्वांनी पाहावे म्हणून, हातात झेंडा घेऊन आणि घोषणा देत. पोलिसांनी अडवले, लाठ्या चालवल्या, मग गोळीबार केला. बंदूक मुलींकडे वळलेली पाहून शिरीषकुमार मेहता पुढे झाला, असे सांगतात. त्याचा जन्म २८ डिसेंबर १९२६ चा. म्हणजे वय किती, ते तुम्हीच मोजा. त्याच्याबरोबर लालदास शहा, धनसुखलाल वाणी, शशिधर केतकर आणि घनश्यामदास शहा हेही गेले.

मुलांना बालहेरांचा चित्रपट जरूर दाखवावा, त्यात काही वावगे नाही. नंतर कधीतरी त्यांना माणिक चौकातही न्यावे. तिथे एखादे पोर हमखास विचारील, “यांच्या घरचे का नाही आले सोडवायला?” उत्तर देण्याची घाई करू नका. बरोबर आजोबा असतील, तर आधी त्यांना बोलू द्या.