गीतातले वृत्तपत्र : ऊले पाउस यांचे उपहासगायन आणि नॉर्वेजियन गीतपरंपरा

नॉर्वेजियन साहित्याशी मराठी वाचकाचा परिचय प्रामुख्याने नाटकाच्या द्वारे झाला. श्री. वि. वर्तक यांनी ब्यर्नसन यांच्या नाटकाच्या आधारे लिहिलेले ‘आंधळ्यांची शाळा’ नाट्यमन्वंतर या संस्थेने १९३३ मध्ये रंगभूमीवर आणले, तर अनंत काणेकर यांनी इब्सेनच्या ‘अ डॉल्स हाउस’वरून ‘घरकुल’ (१९४१) लिहिले. नाटकातील कथानक आणि संघर्ष यांचे स्थलांतर करता येते. पात्रांची नावे बदलली, घर बदलले, तरी मूळ प्रश्न टिकून राहतो. उपहासगीताचे तसे नाही. ते विशिष्ट व्यक्तीच्या नावाशी, विशिष्ट आठवड्याशी आणि विशिष्ट गायकाच्या आवाजाशी जखडलेले असते. तौलनिक अभ्यासात या प्रकाराकडे दुर्लक्ष होते त्याचे एक कारण हेच आहे. मात्र ज्या रचनेचे भाषांतर अवघड, तीच आपल्या समाजाविषयी सर्वाधिक बोलते, असेही अनेकदा आढळते. या दृष्टीने नॉर्वेजियन गीतकार, गायक आणि लेखक ऊले पाउस (१९४७–२०२३) यांची कारकीर्द अभ्यसनीय आहे. आपल्या समाजाच्या आत्मसंतुष्टतेवर सातत्याने प्रहार करणाऱ्या या उपहासकाराचेच एक गीत पुढे राष्ट्रीय शोकाच्या प्रसंगी सर्वांच्या ओठी आले. हा विरोधाभास कसा संभवला, हा प्रस्तुत विवेचनाचा विषय आहे.

परंपरेचे तीन प्रवाह

नॉर्वेजियन भाषेत ‘विसे’ या शब्दाने जो गीतप्रकार ओळखला जातो, त्यात शब्दाला प्राधान्य असते आणि चाल व साथसंगत त्याच्या सेवेत असतात. मराठीतील ‘कवन’ ही संज्ञा त्याला काहीशी जवळची आहे. या प्रकाराच्या विसाव्या शतकातील रूपामागे तीन प्रवाह दिसतात.

पहिला प्रवाह ‘स्किलिंगविसे’चा. स्किलिंग हे जुने नाणे. १८७५ मध्ये क्रोने हे चलन येईपर्यंत ते नॉर्वेत प्रचलित होते. एखाद्या स्किलिंगला मिळणाऱ्या स्वस्त छापील कागदावर खून, देहदंड, जहाजबुडी अशा घटनांची गीते असत. बहुधा स्वरलेखन नसे. अमुक परिचित चालीवर म्हणावे, एवढीच सूचना असे. या गीतांत बातमी आणि बोध यांची सांगड घातलेली असे. ज्यांच्यापर्यंत वृत्तपत्र पोहोचत नव्हते, त्यांचे वृत्तपत्र म्हणजे हे गीत.

दुसरा प्रवाह नागर कॅबरेचा. बोकन लासोन या गायिकेने १९१२ मध्ये क्रिस्तियानियात, म्हणजे आजच्या ऑस्लोत, पॅरिसच्या धर्तीवर ‘शा न्वार’ हे रंगस्थान सुरू केले. येथे गीताला राजकीय आणि सामाजिक थट्टेचे वळण मिळाले.

तिसरा प्रवाह शेजारच्या स्वीडनचा. अठराव्या शतकातील कार्ल मिकाएल बेलमनपासून एव्हर्ट टोब आणि कॉर्नेलिस व्रेसवेइकपर्यंत कवी-गायकाची जी परंपरा तेथे नांदली, तिचा प्रभाव १९६० नंतरच्या नॉर्वेजियन गीतचळवळीवर पडला. गिटार घेऊन एकट्याने उभा राहणारा, स्वतःच्याच रचना गाणारा कलावंत ही या चळवळीची ओळख होती.

घराणे आणि पदार्पण

ऊले पाउस यांचा जन्म ९ फेब्रुवारी १९४७ रोजी ऑस्लो येथे झाला. वडील सैन्यात मेजर जनरल होते. पाउस हे जुने प्रतिष्ठित घराणे. इब्सेनच्या आईची आई याच घराण्यातली होती आणि इब्सेनचे वडील ज्या सावत्र वडिलांच्या घरी वाढले तेही पाउसच होते. या नातेसंबंधावरून प्रतिभेच्या वारशाचा निष्कर्ष काढणे अर्थातच अशास्त्रीय ठरेल. परंतु एक गोष्ट महत्त्वाची आहे. प्रतिष्ठितांच्या ढोंगावर पाउस यांनी जे लिहिले ते बाहेरून पाहणाऱ्याचे लेखन नव्हते. त्या वर्गाची बोली, त्याचा शिष्टाचार आणि त्याचे मौन त्यांना आतून परिचित होते. त्यामुळे त्यांच्या उपहासाची धार अनेकदा गाणाऱ्या ‘मी’वरही उलटते.

ज्येष्ठ गीतकार आल्फ क्रानर आणि अराजकवादी लेखक येन्स ब्यर्नेबू यांच्या प्रोत्साहनाने पाउस यांनी १९७० मध्ये ‘तिथे बाहेर – तिथे आत’ अशा अर्थाच्या नावाच्या ध्वनिमुद्रिकेने पदार्पण केले. ब्यर्नेबू यांच्या १९६६ च्या एका कादंबरीवर अश्लीलतेच्या आरोपावरून न्यायालयाने बंदी घातली होती. शब्द आणि कायदा यांच्या सीमारेषेवर उभे राहून लिहिणाऱ्या लेखकाचा आशीर्वाद पाउस यांना आरंभीच लाभला, ही बाब पुढील वाटचालीच्या संदर्भात अर्थपूर्ण आहे. आरंभीची गीते चळवळीच्या सौम्य वळणाची होती; १९७० च्या दशकाच्या मध्यापर्यंत आवाज खरखरीत झाला, रचनेत रॉक संगीताचा जोर आला आणि भाषा अधिक बोचरी बनली.

‘पाउस-पोस्टेन’ : यमकाचा पुरावा

या दशकाच्या उत्तरार्धात पाउस यांनी ‘पाउस-पोस्टेन’ या नावाने गीतरूप वृत्तपत्राची मालिका ध्वनिमुद्रिकांतून सादर केली. कल्पना वरवर साधी आहे : स्वतःच्या आडनावाचे वर्तमानपत्र काढायचे आणि त्यातील मजकूर गायचा. सार्वजनिक जीवनातील व्यक्ती त्यात नावानिशी येतात. या गीतांमुळे बदनामीच्या खटल्यांच्या धमक्या आल्या आणि मोठा श्रोतृवर्गही मिळाला.

स्किलिंगविसे आणि पाउस-पोस्टेन यांतील नाते येथे स्पष्ट होते. जुन्या गीताचा विषय बहुधा मृत किंवा दोषी ठरलेला मनुष्य असे. त्याच्याकडून उत्तर येण्याची शक्यता नव्हती. पाउस यांच्या गीताचा विषय जिवंत, प्रतिष्ठित आणि वकील नेमण्यास समर्थ असा मनुष्य आहे. जुन्या गीताने वृत्तपत्राची उणीव भरून काढली. नव्या गीताने वृत्तपत्राचा वेश घेऊन वृत्तपत्राच्याच विश्वासार्हतेची थट्टा केली.

या उपहासाची यंत्रणा नीट समजून घेतली पाहिजे. वृत्तपत्रातील विधान पडताळता येते, नाकारता येते. यमकात बांधलेले विधान तसे पकडीत येत नाही. एखाद्या मान्यवराचे नाव एखाद्या क्षुद्र वस्तूच्या नावाशी यमकाने जुळले की दोहोंत काही नैसर्गिक संबंध असावा, असा भास कानाला होतो. येथे यमक हाच पुरावा असतो. विधान केले कोणी, गायकाने की भाषेने, हे निश्चित सांगता येत नाही. उपहासकाराचे स्वातंत्र्य आणि त्याची जबाबदारी हे दोन्ही प्रश्न याच संदिग्धतेतून उद्भवतात. कारण ज्याचे नाव जुळवले गेले, त्याला झालेली इजा संदिग्ध नसते.

या गीतांच्या परिणामामागे तत्कालीन समाजरचनाही होती. १९७५ च्या सुमारास नॉर्वेची लोकसंख्या सुमारे ४० लाख होती. नभोवाणी आणि दूरचित्रवाणी सार्वजनिक प्रसारण संस्थेच्या एकाधिकारात होती; नभोवाणीपुरता तो १९८० च्या दशकाच्या आरंभी सैल झाला, तर ‘टीव्ही २’ ही स्पर्धक वाहिनी १९९२ मध्ये आली. सर्वांनी तेच चेहरे पाहिलेले, तेच आवाज ऐकलेले. अशा समाजात केवळ नाव उच्चारणे विनोदाला पुरेसे असते, स्पष्टीकरण लागत नाही. या लाभाची किंमतही याच जातीची आहे. आजच्या तरुण श्रोत्याला त्यांतील अनेक नावांसाठी टीपा लागतात.

बंडखोरांचा इतिहास

१९७८ मध्ये केटिल ब्यर्नस्टा यांच्या ‘लेवे पातागोनिया’ या सांगीतिक कृतीत पाउस यांचा सहभाग होता. हान्स येगर आणि क्रिस्तियानियातील स्वच्छंदी कलावंतांचे मंडळ हा तिचा विषय. येगर यांचे १८८५ मधील पुस्तक जप्त झाले आणि त्यांना तुरुंगवास घडला. ‘शा न्वार’च्या संस्थापक लासोन या त्याच मंडळातील चित्रकार ओदा क्रोग यांच्या भगिनी होत. म्हणजे ज्या कॅबरेने नागर उपहासगीताला जागा दिली, तिची मुळे या जप्त झालेल्या साहित्याच्या परिसरातच आहेत. खटल्याच्या धमक्या येत असतानाच्या दशकात पाउस यांनी या कृतीत सहभागी व्हावे, यात आपल्या पूर्वसुरींची ओळख करून घेण्याची जाणीव दिसते.

‘माझा छोटा देश’

१९९० नंतरच्या कारकिर्दीत प्रार्थनेचा सूर वाढत जातो. १९९१ मध्ये कारी ब्रेम्नेस आणि सामी गायिका मारी बोइने यांच्यासमवेत त्यांनी भक्तिगीतांची ध्वनिमुद्रिका केली. १९९८ च्या ध्वनिमुद्रिकेच्या लांबलचक नावात तर आयुष्य प्रार्थनेसारखे होऊ लागल्याचा उल्लेखच आहे. याच काळातील, १९९४ चे गीत म्हणजे ‘मित लिले लान’, अर्थात ‘माझा छोटा देश’. त्या वर्षी २८ नोव्हेंबरला युरोपीय संघाच्या सदस्यत्वावर सार्वमत झाले आणि ५२.२ टक्के मतदारांनी नकार दिला. देश म्हणजे काय, ही चर्चा तेव्हा घरोघरी चालू होती.

२२ जुलै २०११ रोजी ऑस्लो आणि उतोया येथील हल्ल्यांत ७७ जण मारले गेले. त्यानंतर हे गीत शोकाचे गीत बनले. अनेकांनी त्याला नवे राष्ट्रगीतच म्हटले. ब्यर्नसन यांनी १८५९ मध्ये लिहिलेल्या राष्ट्रगीतात राजे, युद्धे आणि पूर्वजांचे पराक्रम आहेत. पाउस यांच्या गीतात ते नाहीत. आहे तो निसर्ग, शांतता आणि लहानपण. निःशस्त्र तरुणांच्या मृत्यूनंतर पराक्रमाची भाषा बोलवत नव्हती, तेव्हा हे शब्द उपयोगी पडले.

‘लिले’ या विशेषणातच पाउस यांच्या दोन्ही भूमिका सामावल्या आहेत. मराठीत ‘एवढासा’ म्हणताना जसा कधी तुच्छतेचा तर कधी वात्सल्याचा भाव असतो, तसेच येथे आहे. उपहासगीतांत देशाचे लहानपण म्हणजे संकुचितपणा. शोकगीतात तेच लहानपण म्हणजे भंगुरता. वस्तू एकच, पाहण्याचे अंतर वेगळे. ज्याने या देशाची दशकानुदशके खोड काढली, त्याच्या प्रेमावर विश्वास ठेवणे श्रोत्यांना सोपे गेले असावे. उपहासाने येथे स्तुतीला विश्वासार्हता मिळवून दिली, असे म्हणता येईल.

१२ डिसेंबर २०२३ रोजी पाउस यांचे निधन झाले. त्यांच्या रचनांची पुढील गती प्रकारानुसार वेगवेगळी राहील, असे दिसते. शोकगीत आणि भक्तिगीत इतरांच्या कंठात वस्ती करतात; त्यांतला ‘मी’ कोणालाही घेता येतो. गीतरूप वृत्तपत्र मात्र मुख्यतः त्याच्या कर्त्याच्या ध्वनिमुद्रित आवाजातच राहते. त्यातील नावे विस्मृतीत जातील, तसतसा त्याचा अभ्यास संहिता, आवाज आणि प्रसंग या तिन्हींची जुळणी करूनच करावा लागेल. नाटकाच्या भाषांतरांवर पोसलेल्या आपल्या तौलनिक दृष्टीला अशा अभ्यासाची सवय अद्याप लावून घ्यायची आहे.