चिठ्ठी बदलली, चोरी झाली!

समजा, तुम्ही लंडनमधल्या एका सुपरमार्केटमध्ये गेलात. फळीवरचा बिस्किटांचा पुडा उचललात आणि टोपलीत टाकलात. पैसे तर तुम्ही देणारच आहात. तरीही इंग्लंडच्या कायद्यात चोरीची जी व्याख्या आहे, तिच्यातली एक मोठी अट तुम्ही त्या क्षणी पूर्ण केलीत!

घाबरू नका, कुणी पकडणार नाही. चोरी ठरायला मनात लबाडी लागते, आणि ती तुमच्याकडे नाही. (नाही ना?)

ही अट आहे तरी काय? जुन्या इंग्रजी कायद्यात चोर म्हटला की त्याने वस्तू घेऊन जायला हवी, निदान जागची हलवायला तरी हवी. 1968 साली नवा चोरीविषयक कायदा आला आणि त्याने हे हलवाहलवीचं प्रकरणच काढून टाकलं. दुसऱ्याच्या वस्तूवर मालकाचा हक्क स्वतःच चालवलात, की अट पूर्ण. आता मालकाचे हक्क कोणते? वस्तू विकायची, कुणाला द्यायची, मोडून टाकायची. आणि हो, तिची किंमत ठरवायची!

त्या किमतीपायीच एक गंमतशीर खटला उभा राहिला. एका माणसाने दुकानातल्या महाग मांसावर स्वस्त मांसाच्या किमतीची चिठ्ठी चिकटवली. पण पैसे देण्याआधीच तो गल्ल्यापाशी सापडला. त्याच्या बाजूचं म्हणणं, मालकाचे सगळे हक्क तर घेतलेच नाहीत, मग चोरी कसली? खटला चढत चढत हाउस ऑफ लॉर्ड्सपर्यंत पोचला. तेव्हा इंग्लंडमधलं सगळ्यात वरचं न्यायालय तेच होतं. 1983 साली निकाल लागला: चोरीच! मालकाचे सगळे हक्क बळकावायची गरज नाही, एक बळकावला तरी पुरे.

आणि मालक स्वतःच ‘घे’ म्हणाला तर? इंग्रजी जेमतेम येणारा एक परदेशी विद्यार्थी लंडनमध्ये टॅक्सीत बसला. भाडं होत होतं सुमारे अर्धा पौंड. त्याने एक पौंड दिला. चालक म्हणाला, एवढ्यात भागत नाही. बिचाऱ्याने पाकीट उघडून पुढे धरलं, आणि चालकाने त्यातून आणखी सहा पौंड काढून घेतले. ‘त्यानेच घेऊ दिले की!’ हा बचाव 1971 साली न्यायाधीशांनी उडवून लावला. 1992 च्या आणखी एका निकालात त्यांनी हेच पुन्हा ठासून सांगितलं. मालकाची परवानगी असली तरी अट पूर्ण होते. म्हणून तर तुमचा बिस्किटांचा पुडाही त्यात सापडला. मला विचाराल तर इथे न्यायाधीशांनी जाळं जरा जास्तच मोठं टाकलं. सगळा भार एकट्या लबाडीवर येऊन पडला, आणि लबाडी असते मनात. ती सिद्ध करायची कशी?

आपल्याकडे मात्र वस्तू अजूनही हलावी लागते, आणि तीही मालकाच्या संमतीवाचून. 1860 च्या भारतीय दंड संहितेत तसं होतं, आता भारतीय न्याय संहितेतही तसंच आहे. कायद्यात त्याचं एक उदाहरणच दिलंय, आणि ते चक्क कुत्र्याचं आहे! एक लबाड माणूस दुसऱ्याचा कुत्रा पळवायला खिशात खाऊ ठेवतो. कुत्र्याला हात लावत नाही की दोरी बांधत नाही. वास घेत घेत कुत्रा त्याच्या मागे चालू लागला, की चोरी झाली!