मूत्रपिंडांचें साटेंलोटें



संकटसमयीं रक्ताचेंच माणूस धांवून येतें, अशी आपली जुनी समजूत आहे. परंतु ज्या घरांत कोणाचीं दोन्हीं मूत्रपिंडें निकामी झालीं, त्या घरास कित्येकदां निराळाच अनुभव येतो. पत्नी, भाऊ किंवा आई आपलें एक मूत्रपिंड आनंदानें देऊं करते, आणि तपासणीअंतीं डॉक्टर सांगतात कीं, तें जुळत नाहीं. माया आहे, तयारी आहे. पण शरीराची संमति नाहीं. ही संमति कशावर अवलंबून असते, आणि ती न मिळाल्यास वाट कोणती, हें आज सांगावयाचें आहे. मी डॉक्टर नव्हे, शाळामास्तर होतों. तेव्हां फळ्यावर मांडावें तसेंच मांडतों.

पहिली परीक्षा रक्तगटाची. सर्व माणसांचें रक्त एकाच जातीचें नसतें, हें कार्ल लँडस्टायनर यांनीं १९०१ सालीं दाखवून दिलें. ए, बी, एबी आणि ओ असे चार गट आपण मानतों. ए गटाच्या रक्तांत बी गटाविरुद्ध लढणारीं प्रतिद्रव्यें असतात; बी गटांत ए विरुद्ध; ओ गटांत दोहोंविरुद्ध. म्हणून ओ गटाच्या रुग्णास ओ गटाचेंच मूत्रपिंड लागतें; उलट ओ गटाच्या दात्याचें बहुतेक सर्वांस चालतें. ‘बहुतेक’ म्हणण्याचें कारण मुंबईंत सांपडलें. १९५२ सालीं डॉ. भेंडे व त्यांचे सहकारी यांनीं तेथें असा एक विरळा गट दाखविला कीं, ज्यास ओ गटही चालत नाहीं. त्याला जगभर ‘बॉम्बे’ गट म्हणतात.

दुसरी परीक्षा पेशींवरील खुणांची. ह्यांस एचएलए असें नांव आहे, आणि त्यांचा शोध लावणारे ज्याँ दोसे यांस १९८० सालीं नोबेल पारितोषिकाचा वांटा मिळाला. ह्या खुणांचा एक संच आईकडून व एक बापाकडून येतो. म्हणून सख्ख्या भावंडांत त्या पूर्ण जुळण्याचा संभव चारांत एक, अर्ध्या जुळण्याचा चारांत दोन, आणि मुळींच न जुळण्याचा चारांत एक. एकरूप जुळ्यांत मात्र त्या तंतोतंत सारख्या असतात. २३ डिसेंबर १९५४ रोजीं बोस्टन येथें डॉ. जोसेफ मरे यांनीं केलेलें आरोपण यशस्वी झालें, तें अशाच जुळ्या भावांत. पुढें शरीराचा विरोध दाबणारीं औषधें निघालीं, आणि ह्या परीक्षेची कठोरता पुष्कळ कमी झाली.

तिसरी परीक्षा मात्र अजून निर्णायक मानतात. दात्याच्या पेशी रुग्णाच्या रक्तद्रवांत घालून त्या मरतात कीं काय, हें पाहतात. पूर्वीं बाहेरचें रक्त घेतलेलें असल्यास किंवा गर्भारपण येऊन गेल्यास परक्या खुणांविरुद्ध प्रतिद्रव्यें तयार झालेलीं असूं शकतात. मुलाच्या अंगीं बापाच्या खुणा असतात. म्हणून ज्या पतीचीं मुलें तिनें पोटीं वाढविलीं, त्याचेंच मूत्रपिंड पत्नीचें शरीर कधीं कधीं नाकारतें!

आतां वाट पाहूं. समजा, एका घरीं रुग्ण ए गटाचा व पत्नी बी गटाची. दुसऱ्या घरीं रुग्ण बी गटाचा व पत्नी ए गटाची. आपापल्या घरीं दोघीही निरुपयोगी. पण घरें बदललीं कीं दोघीही उपयोगी. हेंच मूत्रपिंडांचें साटेंलोटें. ही कल्पना फेलिक्स रापापोर्ट यांनीं १९८६ सालीं मांडली, आणि १९९१ सालीं दक्षिण कोरियांत ती प्रत्यक्षांत आली. कधीं तीन घरांचें चक्रही जमवितात. एकानें मागाहून शब्द फिरवूं नये म्हणून शस्त्रक्रिया बहुधा एकाच वेळीं करतात.

येथें थोडें गणित. यादींत दहा घरें असतील, तर तपासण्याजोग्या जोड्या ४५ होतात. शंभर असतील, तर ४९५०. घरें दहापट, संधि एकशें दहापट! म्हणून प्रत्येक रुग्णालयाची छोटी वही निराळी ठेवण्यापेक्षां यादी एकत्र असणें हिताचें. अशी जुळवणी शास्त्रशुद्ध करण्याची रीति ॲल्विन रॉथ व त्यांचे दोन सहकारी यांनीं २००४ सालीं प्रसिद्ध केली. २०१२ सालीं रॉथ यांस अर्थशास्त्राचें नोबेल मिळालें, त्यांत ह्या कार्याचाही भाग होता. तरीही ओ गटाचे रुग्ण मागें राहतात. कारण ओ गटाचा दाता बहुधा स्वतःच्याच घरीं जुळतो व यादींत क्वचितच येतो.

आपल्या १९९४ सालच्या कायद्यांत २०११ सालीं दुरुस्ती होऊन अशा अदलाबदलीस स्पष्ट जागा मिळाली. प्रत्येक दाता आपल्या रुग्णाचा जवळचा नातलग असला पाहिजे, समितीची पूर्वसंमति पाहिजे, आणि पैशाचा व्यवहार हा गुन्हा आहे.

परंतु लग्नांतील साट्यालोट्याचा एक दोष येथें शिरूं देतां कामा नये. तेथें घरें ठरवीत, आणि मुलीस कोणी विचारीत नसे. निरोगी माणसाचें काम एका मूत्रपिंडावर चालतें हें खरें. तरी शस्त्रक्रिया ती शस्त्रक्रियाच, तिचा धोका शून्य नाहीं. म्हणून दात्यास एकांतांत विचारावें, आणि त्याचा नकार मानानें स्वीकारावा. ज्याची मनापासून तयारी आहे, त्यानें मात्र ‘जुळत नाहीं’ एवढें ऐकून परत फिरूं नये. अदलाबदलीच्या यादीविषयीं डॉक्टरांस अवश्य विचारावें. आपल्या घरीं न जुळलेलें दान दुसऱ्या घरीं जुळतें, आणि तेथून आपल्या माणसाचा जीव वांचवून परत येतें.