ती फ्लॉपी होती हो!

डिजिटल फॉरेन्सिकच्या वर्गात पहिल्या चहाच्या आधीच प्रश्न येतो, ‘सर, डिलीट केलेलं सगळं परत आणणारं सॉफ्टवेअर कधी शिकवणार?’ कधीच नाही. असं सॉफ्टवेअर नाहीच.

समज अगदी हवेतला नाही. जुन्या हार्ड डिस्कवर फाइल डिलीट केली की फक्त नोंद जाते, मजकूर त्यावर दुसरं काही लिहिलं जाईपर्यंत तसाच पडून असतो. सातबाऱ्यावरून नाव उडालं, माणूस अजून शेतातच. अमेरिकेतल्या विचिटाचा खुनी डेनिस रेडर 2005 साली असाच सापडला. त्यानेच एका टीव्ही वाहिनीला पाठवलेल्या फ्लॉपीत डिलीट केलेल्या वर्ड फाइलचे अवशेष होते, त्यात त्याच्या चर्चचं नाव आणि ‘डेनिस’. हा किस्सा मीही रंगवून सांगतो. पण ती फ्लॉपी होती हो!

आजच्या लॅपटॉपात एसएसडी असते. फाइल काढली की ऑपरेटिंग सिस्टीम ‘ट्रिम’चा निरोप देते आणि डिस्क सवडीने ते कप्पे स्वतःच साफ करते. डिस्कवर काही लिहू न देणारा राइट ब्लॉकर लावला तरी डिस्कच्या पोटातली ही झाडलोट थांबत नाही. मोबाइलची गत आणखी अवघड. आताच्या फोनमधला मजकूर एन्क्रिप्ट केलेला असतो आणि फॅक्टरी रिसेट त्याची किल्लीच नष्ट करतो. उरतो तो निव्वळ गाळ. पुसलेले चॅट एसक्यूलाइट डेटाबेसच्या रिकाम्या पानांत कधीकधी सापडतात. कधीकधी! हा शब्द मी फळ्यावर लिहून ठेवतो, तरी दुपारी तोच प्रश्न.

जप्त केलेला फोन लगेच बंद करावा, हाही गैरसमज. एकदा अनलॉक झालेल्या चालू फोनच्या मेमरीत किल्ल्या असतात. बंद केलात तर पासकोडसाठी बसा. सिग्नल अडवणाऱ्या फॅराडे पिशवीत ठेवा, चार्जिंग टिकवा.

‘व्हिडिओची सीडी दिली, पुरावा झाला’? जालन्याच्या निवडणुकीवरचा खोतकर विरुद्ध गोरंट्याल हा 2020 चा निकाल वाचा. मूळ उपकरण कोर्टात हजर नसेल, तर प्रतीसोबत जुन्या पुरावा कायद्याच्या कलम 65-ब चं प्रमाणपत्र लागतंच, असं सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं. 1 जुलै 2024 पासून त्या जागी भारतीय साक्ष्य अधिनियमाचं कलम 63 आलं. त्याच्या प्रमाणपत्रात हॅशही, म्हणजे फाइलचा डिजिटल ठसा, भरावा लागतो.

आणि डिस्कची इमेज, म्हणजे हुबेहूब प्रत, घेण्याआधी ‘जरा बघतो’ म्हणून कॉम्प्युटर सुरू करू नका. नुसतं विंडोज चालू झालं तरी कितीतरी फाइलींच्या वेळा बदलतात, आणि बचावाच्या वकिलाला तेवढं पुरतं.