ले-ऑफ झाल्यावर बेरोजगारी विमा: कॅलिफोर्नियात क्लेम टाकायचा कसा आणि टिकवायचा कसा

या भागाचं हे लेखी रूप. ऐकताना तारखा आणि आकडे लिहून घेणं जमत नाही, असं बऱ्याच जणांनी कळवलं होतं, म्हणून सगळं इथे एकत्र देतोय. फोनवर सेव्ह करून ठेवा.

विषय असा, की अमेरिकेत नोकरी गेली, तर राज्य सरकारच्या बेरोजगारी ऑफिसकडून पैसे मिळतात. पण हे ऑफिस प्रत्येक राज्याचं वेगळं, नियमही वेगळे. सगळ्या राज्यांचं एका भागात सांगत बसलो तर गोंधळच होईल. म्हणून आज फक्त कॅलिफोर्निया. सॅन होजे, फ्रीमाँट, सनीव्हेल या पट्ट्यात आपली मराठी मंडळी भरपूर आहेत आणि प्रश्नही तिथूनच जास्त येतात. तिथल्या खात्याचं नाव एम्प्लॉयमेंट डेव्हलपमेंट डिपार्टमेंट, म्हणजेच ईडीडी.

आधी एक गैरसमज काढू

"दादा, सरकारकडून असे पैसे घेणं बरं दिसतं का?" हा प्रश्न येतोच. अहो, ही मदत नाही, विमा आहे. तुम्ही नोकरीत असताना तुमच्या पगारामागे कंपनी राज्याला कर भरत असते, त्यातून हा निधी उभा राहतो. ही व्यवस्था १९३५ च्या सोशल सिक्युरिटी कायद्यापासून देशभर आहे. गाडीला अपघात झाला तर आपण इन्शुरन्सचा क्लेम टाकतोच की. तेव्हा लाज वाटते का?

रक्कम मात्र फार मोठी नाही. कॅलिफोर्नियात आठवड्याला कमीत कमी ४० आणि जास्तीत जास्त ४५० डॉलर. ही ४५० ची मर्यादा २००५ पासून तीच आहे. एका क्लेमवर जास्तीत जास्त २६ आठवडे, म्हणजे सगळे मिळून फार तर ११,७०० डॉलर. बे एरियातलं भाडं बघता यात घर चालत नाही, पण किराणा, फोन आणि गाडीचा हप्ता निघू शकतो. दोन-तीन महिने सेव्हिंग कमी खर्चावं लागणं हीच मोठी गोष्ट असते.

कोणाला मिळतं?

तीन गोष्टी बघतात. पहिली, नोकरी तुमच्या चुकीमुळे गेलेली नसावी. ले-ऑफ यात बसतो. दुसरी, आधीच्या काळात पुरेशी कमाई असावी. तिसरी, तुम्ही आत्ता काम करायला समर्थ आणि उपलब्ध असावं, आणि कायद्याने काम करायची परवानगी हवी.

आपल्या लोकांचं घोडं या तिसऱ्या अटीवर अडतं. ग्रीन कार्ड असेल किंवा एच-४ ईएडीसारखं कोणाकडेही काम करू देणारं चालू वर्क परमिट असेल, तर ही अट सहसा अडवत नाही. एच-१बी चं तसं नाही. नोकरी गेल्यावर जास्तीत जास्त ६० दिवसांचा ग्रेस पीरियड मिळतो, पण त्या काळात नवीन कंपनीने पिटिशन फाइल केल्याशिवाय कुठेही काम सुरू करता येत नाही. मग "उद्या नोकरी मिळाली तर उद्याच करू शकता का?" या प्रश्नाला सरळ "हो" म्हणता येत नाही. असे क्लेम बऱ्याचदा इथेच थांबतात. एच-१बी वाल्यांनी आधी ते ६० दिवस सांभाळावेत आणि क्लेमबद्दल इमिग्रेशन वकिलाला विचारूनच पाऊल टाकावं. फॉर्मवर स्टेटस मात्र आहे तेच लिहायचं.

अर्ज त्याच आठवड्यात टाका

क्लेम सुरू होतो तो तुम्ही अर्ज टाकलेल्या आठवड्याच्या रविवारपासून. नोकरी कधी गेली, यावर तारीख ठरत नाही. म्हणजे "जरा शांत होऊ, महिन्याभराने बघू" म्हणालात, तर तो महिना सहसा गेला.

अर्ज मायईडीडी या पोर्टलवर ऑनलाइन होतो. ओळखीची पडताळणी होते, तेव्हा पासपोर्ट, वर्क परमिट, सोशल सिक्युरिटी नंबर जवळ ठेवा. शेवटच्या कंपनीचं नाव आणि पत्ता पे-स्लिपवर आहे तसाच लिहा. कंपनीला ईडीडीकडून नोटीस जाते आणि उत्तराला १० दिवस असतात. तुम्ही "ले-ऑफ" लिहिलंत आणि कंपनीने "राजीनामा" लिहिलं, तर क्लेम चौकशीत जातो. म्हणून ले-ऑफचा ईमेल किंवा पत्र कंपनीचा लॅपटॉप परत करण्याआधी स्वतःकडे घेऊन ठेवा.

आता कमाईचा हिशोब. ईडीडी गेल्या पाच पूर्ण तिमाह्यांपैकी पहिल्या चार बघतं. समजा क्लेम फेब्रुवारी २०२५ चा आहे. मग बघितला जाईल ऑक्टोबर २०२३ ते सप्टेंबर २०२४ चा पगार. त्यातल्या सगळ्यात चांगल्या तिमाहीवरून आठवड्याची रक्कम ठरते.

समजा एखादी ताई एच-४ ईएडीवर नोव्हेंबर २०२४ मध्ये कामाला लागली आणि फेब्रुवारीत ले-ऑफ झाली. वरच्या हिशोबात तिची कमाई शून्य! पण त्यासाठी पर्यायी काळ आहे: लगेच आधीच्या चार पूर्ण तिमाह्या, म्हणजे जानेवारी ते डिसेंबर २०२४. त्यात तिचे नोव्हेंबर-डिसेंबरचे पगार येतात. रक्कम ठरल्याची नोटीस येते, ती उघडून पगाराचे आकडे पे-स्लिपशी जुळवून बघा. एखादी कंपनी सुटली असेल तर लगेच कळवा.

खरं काम यानंतर सुरू होतं

आपण इंजिनिअर लोक फॉर्म सबमिट केला की टॅब बंद करतो. इथे तसं चालत नाही. दर दोन आठवड्यांनी पोर्टलवर जाऊन सर्टिफाय करावं लागतं, म्हणजे त्या दोन आठवड्यांबद्दल प्रश्नांची उत्तरं द्यायची. आजारी होता का? पूर्णवेळ काम घेता येणार नाही असं दुसरं काही कारण होतं का? काम शोधलं का? आलेलं काम नाकारलं का? शिक्षण किंवा ट्रेनिंग सुरू केलं का? काम केलं किंवा पैसे कमावले का?

सर्टिफाय केलं नाही तर त्या आठवड्यांचे पैसे नाहीत. पहिला पात्र आठवडा वेटिंग पीरियड असतो, त्याचे पैसे मिळत नाहीत, पण तोही सर्टिफाय करावाच लागतो. फोनच्या कॅलेंडरमध्ये दर दुसऱ्या रविवारचा रिमाइंडर लावून टाका.

मधे छोटं फ्रीलान्स काम मिळालं, तर लपवू नका. कमाई ज्या आठवड्यात काम केलं त्या आठवड्यात दाखवायची, पैसे हातात कधी आले ते बघायचं नाही. आणि ती करकपातीआधीची असते. सगळी कमाई कापलीही जात नाही: २५ डॉलर किंवा कमाईचा २५ टक्के भाग, यातलं जे जास्त ते सोडून देतात. म्हणजे आठवड्याला २०० डॉलर कमावले, तर ५० सुटतात, १५० वजा होतात. ४५० वाल्याला त्या आठवड्यात ३०० मिळतात, म्हणजे हातात एकूण ५००. खरं सांगूनही फायदाच आहे. मुद्दाम खोटं सांगितलं आणि पकडलं गेलं, तर जास्तीचे पैसे परत, वर ३० टक्के दंड आणि पुढचे ५ ते २३ आठवडे अपात्र.

भारतात चक्कर मारायचा विचार असेल तर हेही लक्षात घ्या. पुण्यात बसून "मी कामाला उपलब्ध होतो" असं म्हणता येत नाही. घरी जायला कोणी अडवत नाही, पण त्या आठवड्यांचं उत्तर खरं द्या आणि ते पैसे सोडा.

"पेंडिंग" दिसतंय, आता काय?

इथे बहुतेकांचा धीर सुटतो. पेंडिंग म्हणजे नकार नाही. कोणीतरी काहीतरी तपासतंय, एवढाच त्याचा अर्थ.

एक, पेंडिंग असलं तरी सर्टिफाय करत राहा. दोन, पोर्टलचा इनबॉक्स आणि घरची टपालपेटी, दोन्ही रोज बघा. पत्ता बदलला असेल तर आधी तो अपडेट करा, कारण महत्त्वाच्या नोटिसा कागदावर येतात. तीन, फोनवर मुलाखतीची तारीख दिली असेल तर त्या दिवशी अनोळखी नंबर उचला. आपण सगळे स्पॅम समजून कट करतो आणि मग अधिकारी हातात असलेल्या माहितीवर निर्णय देऊन मोकळा होतो.

चौकशी करायची असेल तर पोर्टलवरून लेखी मेसेज पाठवा, म्हणजे नोंद राहते. फोन केलात तर तारीख, वेळ, कोणाशी बोललो, काय सांगितलं, हे नोट्स अ‍ॅपमध्ये टाका. इंग्रजीत अडचण असेल तर मोफत दुभाषा मागता येतो. फोन नंबर गूगलच्या जाहिरातीतून घेऊ नका. सीए डॉट गव्ह या सरकारी पत्त्यावरूनच घ्या. "क्लेम लवकर करून देतो, फी द्या" म्हणणारा माणूस सरकारी नसतो.

आठवडे गेले तरी काहीच हलत नसेल, तर तुमच्या भागाच्या राज्य असेंब्ली सदस्याच्या किंवा सेनेटरच्या ऑफिसला लिहा. ईडीडीमध्ये अडकलेल्या केसेसचा पाठपुरावा करणं हे तिथल्या स्टाफचं नेहमीचं काम आहे. आपल्याकडे आमदाराच्या ऑफिसात जातो, तसंच समजा.

नकार आला तर

नोटिशीवर टपालाची तारीख असते. तिथून ३० दिवसांत अपील करता येतं. अपील राज्याच्या वेगळ्या अपील बोर्डाकडे जातं आणि एक न्यायाधीश तुमचं म्हणणं ऐकतो. वकील लागतोच असं नाही. ले-ऑफचं पत्र, पे-स्लिप आणि तुमच्या नोट्स लागतात. अपील चालू असतानाही सर्टिफाय करणं थांबवू नका. जिंकलात तरी पैसे मिळतात ते सर्टिफाय केलेल्या पात्र आठवड्यांचेच. निकाल बाजूने लागला पण मधले दोन महिने सर्टिफाय केलेलेच नाहीत, हे फार जिव्हारी लागतं.

शेवटचं, टॅक्स. हे पैसे कॅलिफोर्निया राज्याच्या करातून सुटतात, पण केंद्राच्या करातून नाही. जानेवारीत १०९९-जी फॉर्म येतो. आधीच १० टक्के कापून घ्या असं सांगता येतं, म्हणजे एप्रिलमध्ये धक्का बसत नाही.

ले-ऑफ झालेला कोणी मित्र असेल, तर त्याला हा लेख आजच फॉरवर्ड करा. कारण क्लेमचा आठवडा रविवारी बदलतो. न्यू जर्सीवर वेगळा भाग करतोय; तिथे या विम्यासाठी कर्मचाऱ्याच्या पगारातूनही पैसे कापतात, नियमही निराळे आहेत. प्रश्न असतील तर पाठवा, पुढच्या भागात घेऊ. भेटूया!