तीन बहिणी, एक पट

भारतातील महिलांची पहिली राष्ट्रीय बुद्धिबळ अजिंक्यपद स्पर्धा १९७४ मध्ये भरली. ती जिंकणारी वासंती खाडिलकर ही मुंबईची मुलगी तेव्हा जेमतेम बारा-तेरा वर्षांची होती. तिच्या पाठची जयश्री आणि सर्वांत धाकटी रोहिणी. तिघींच्या वयांत एकेका वर्षाचे अंतर. या स्पर्धेच्या पहिल्या दहा वर्षांत प्रत्येक अजिंक्यपद या तिघींपैकीच एकीकडे गेले. रोहिणीने ते पाच वेळा मिळवले, जयश्रीने चार वेळा. विजेतीचे नाव बदले. घर मात्र तेच राही.

हे घर महाराष्ट्राला परके नव्हते. नाट्याचार्य कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांनी १९२३ मध्ये 'नवाकाळ' हे दैनिक सुरू केले. त्यांचे नातू नीळकंठ खाडिलकर पुढे त्याच पत्राचे संपादक झाले आणि आपल्या अग्रलेखांनी त्यांनी मोठा वाचकवर्ग जोडला. वासंती, जयश्री आणि रोहिणी या त्यांच्या कन्या.

त्या काळच्या भारतीय बुद्धिबळाचे चित्र आज डोळ्यांपुढे आणणे अवघड आहे. देशात एकही ग्रँडमास्टर नव्हता. विश्वनाथन आनंद यांना तो किताब १९८८ मध्ये मिळाला. १९६१ मध्ये इंटरनॅशनल मास्टर झालेले मॅन्युएल आरन यांच्यानंतर दुसरा भारतीय इंटरनॅशनल मास्टर व्हायला १९७८ साल उजाडावे लागले. संगणक नव्हते आणि परदेशी पुस्तके सहजी हाती लागत नसत. अशा काळात खेळाडूला सर्वांत मोठी उणीव भासते ती रोज समोर बसणाऱ्या तोडीच्या प्रतिस्पर्ध्याची. ती उणीव या घरात नव्हती. व्यापारात ज्याला घरचे भांडवल म्हणतात, तेच येथे होते. फरक इतकाच की, राष्ट्रीय स्पर्धेत पटाच्या दुसऱ्या बाजूला बहीणच बसलेली असे आणि तिथे एकीचा नफा तो दुसरीचा तोटा होई.

महिलांच्या स्पर्धेतील या यशाचे सर्वांनी कौतुकच केले. वादळ उठले ते रोहिणीने तिची सीमा ओलांडली तेव्हा. १९७६ मध्ये, वयाच्या तेराव्या वर्षी, ती पुरुषांच्या राष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धेत खेळावयास उतरली. तोवर कोणतीही भारतीय स्त्री तेथे खेळली नव्हती. मुलींसाठी वेगळी स्पर्धा असताना ही पुरुषांत कशाला, असा आक्षेप निघाला. प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत पोहोचले आणि तेथे निकाल रोहिणीच्या बाजूने लागला. प्रत्यक्ष पटावर तिने तीन राज्यविजेत्यांना हरवले. बुद्धिबळात ना उंचीचा प्रश्न असतो, ना दंडातील बळाचा. तरीही मुलीने पुरुषासमोर बसावे की नाही, यासाठी न्यायालयाची पायरी चढावी लागली. (आपल्या पटावर राजाशेजारी वजीर उभा असतो. युरोपच्या पटावर त्याच घरात राणी असते आणि साऱ्या मोहऱ्यांत बलवान तीच. म्हणून तेथील स्त्रीखेळाडूंची वाट सोपी होती असे मात्र नाही.)

हा वाद देशाबाहेरही गेला. जागतिक बुद्धिबळ महासंघाचे अध्यक्ष डॉ. मॅक्स यूवे यांनी स्पष्ट निर्णय दिला, की राष्ट्रीय वा आंतरराष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धेत स्त्रियांना मज्जाव करता येणार नाही. हे यूवे हॉलंडचे, गणिताचे शिक्षक. ॲम्स्टरडॅममधील मुलींच्या शाळेत त्यांनी अनेक वर्षे गणित शिकवले आणि ती नोकरी सांभाळूनच १९३५ मध्ये अलेक्झांडर अलेखिन यांना हरवून ते विश्वविजेते झाले. तथापि या निर्णयाच्या संदर्भात त्यांच्या आयुष्यातील आणखी एक गोष्ट आठवते.

१९२९ मध्ये कार्ल्सबाड येथे मोठमोठ्या उस्तादांची स्पर्धा भरली होती. त्यांत एकच स्त्री होती, वेरा मेनचिक. वडील चेक, आई इंग्रज, जन्म मॉस्कोचा. १९२१ मध्ये वेरा इंग्लंडमधील हेस्टिंग्ज येथे आली आणि १९२७ मध्ये ती महिलांची पहिली विश्वविजेती झाली. कार्ल्सबाडला व्हिएन्नाचे आल्बर्ट बेकर यांनी थट्टेने सुचवले, की या बाईंकडून जो हरेल त्याला 'वेरा मेनचिक क्लब'चा सभासद करून घ्यावे. त्या क्लबचे पहिले सभासद स्वतः बेकरच झाले. पुढे यादी लांबत गेली. यूवे तिच्याकडून दोनदा हरले आणि त्यांना गमतीने या क्लबचे अध्यक्ष म्हटले जाऊ लागले. वेरा मरेपर्यंत विश्वविजेती राहिली. १९४४ च्या जूनमध्ये जर्मन उडता बॉम्ब लंडनमधील घरावर पडला आणि वेरा, तिची आई व बुद्धिबळ खेळणारीच बहीण ओल्गा अशा तिघी एकाच वेळी गेल्या. स्त्रीसमोर हरण्यात लाज कोणती, हा प्रश्न यूवे यांना नवा नव्हता. त्याचे उत्तर त्यांना अनुभवाने ठाऊक होते.

त्या क्लबच्या सभासदांत एक हिंदी नावही आहे : मीर सुलतान खान. पंजाबातील बडे जमीनदार सर उमर हयात खान यांच्या पदरी असलेला हा माणूस धन्याबरोबर इंग्लंडला गेला आणि १९२९, १९३२ व १९३३ असा तीनदा ब्रिटिश विजेता झाला. त्याची कथा पुष्कळांनी सांगितली आहे. त्याच घरात सेवेला असलेल्या फातिमाची मात्र फारशी कोणी सांगत नाही. १९३३ मध्ये हेस्टिंग्ज येथे सुलतान खानने ब्रिटिश अजिंक्यपद मिळवले, त्याच ठिकाणी फातिमाने महिलांचे ब्रिटिश अजिंक्यपद पटकावले, तेही दुसऱ्या क्रमांकाला तब्बल तीन गुणांनी मागे टाकून. त्यानंतर धनी मायदेशी परतला आणि दोघांचा मोठ्या स्पर्धांतील खेळ तेथेच संपला. तिच्या अंगच्या गुणाला मालक होता, घर नव्हते.

खाडिलकर भगिनींच्या बाबतीत नेमके उलटे घडले. १९७९ मध्ये जयश्री महिला इंटरनॅशनल मास्टर झाली. हा किताब मिळवणारी ती पहिली भारतीय स्त्री. १९८१ मध्ये रोहिणीलाही तो मिळाला. त्याच वर्षी हैदराबादला आणि १९८३ मध्ये क्वालालंपूरला रोहिणीने आशियाई महिला अजिंक्यपद जिंकले. आरन यांच्यानंतर बुद्धिबळातील अर्जुन पुरस्कार तिच्याच वाट्याला आला, तो १९८० चा. पुढे भाग्यश्री साठे यांनी राष्ट्रीय अजिंक्यपद पाच वेळा जिंकले आणि एका घराची सद्दी संपली. खेळाच्या दृष्टीने तेही बरेच झाले. २००२ मध्ये कोनेरू हम्पी पंधराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाली. जुलै २०२५ मध्ये जॉर्जियातील बातुमी येथे महिला विश्वचषकाच्या अंतिम फेरीत हम्पीसमोर नागपूरची एकोणीस वर्षांची दिव्या देशमुख होती. टायब्रेकमध्ये जिंकून दिव्याने चषक मिळवला आणि तीही ग्रँडमास्टर झाली. या किताबाच्या आधी 'महिला' हा शब्द नसतो. तो पुरुषांना मिळतो तोच.

वीस-बावीस वर्षे पटावर घालवलेल्या मुलीने पुढे काय करावे, हा प्रश्न आजही अनेक घरांत विचारला जातो. नीळकंठ खाडिलकर यांच्या घरी पिढ्यांचा व्यवसाय होता आणि तो पुढे नेण्यास तीन मुली होत्या. त्याच्या चाव्या मुलींच्या हाती देताना खेळात गेलेली वर्षे कोणी खर्ची टाकली नाहीत. 'नवाकाळ'चे संपादकपद जयश्री खाडिलकर-पांडे यांच्याकडे आले. रोहिणी १९९३ मध्ये खेळातून निवृत्त झाल्या. केवळ नावावर छापखान्यात जाऊन बसण्याऐवजी त्यांनी आधी मुद्रणतंत्राची पदविका घेतली आणि तीत सुवर्णपदक मिळवले. डिसेंबर १९९८ मध्ये त्यांनी 'संध्याकाळ'ची सूत्रे हाती घेतली. महाराष्ट्रातील एखाद्या सायंदैनिकाच्या संपादकपदी स्त्री बसण्याची ती पहिलीच वेळ होती. या वेळी मात्र कोणी न्यायालयात गेले नाही.